खटका कोणी टाकला

घोडेगावच्या दिवाणी कोर्टानं दावा काढून टाकावा हा भरतचा अर्ज फेटाळला, त्या दिवशी त्याचा बाप सोपान व्हरांड्यातल्या खांबाला टेकून उभा होता. आत काय बोलणं झालं ते त्याला कळलं नव्हतं. थिटे वकील बाहेर आले, कोट काढून हातावर टाकला आणि म्हणाले, "दावा चालणार. पुढची तारीख पुराव्याला."

"पर खेडच्या कोर्टानं मला सोडलंय ना साहेब?" भरत म्हणाला. "निर्दोष म्हणून लिहून दिलंय. हे कोर्ट त्याच्या वरचं हाय का?"

"वरचं-खालचं नाही, वेगळं आहे. तिकडं सरकार विरुद्ध तुम्ही. तुरुंगात घालायचं का नाही, एवढाच प्रश्न. थोडी शंका उरली आणि तुम्ही सुटलात. इकडं तुमची भावजय विरुद्ध तुम्ही. इथं जज बघणार, दोघांपैकी कुणाचं म्हणणं जास्त खरं वाटतं. तिथली सुटका दाखवून इथलं दार लावून घेता येत नाही. आजच्या आदेशात तेच लिहिलंय."

"मंजी मला परत आत टाकत्याल?"

"नाही. त्या गुन्ह्यासाठी तुम्हाला आता कोणी हात लावणार नाही. इथं फार तर भरपाई."

भरतनं रुमालानं मान पुसली. त्याचा जीव जरा भांड्यात पडला असावा. सोपानच्या कानात मात्र एकच शब्द राहिला. तुम्हाला. म्हणजे भरतला.

सव्वातीन वर्षांपूर्वी, ऐन थंडीत, पारगावच्या अलीकडच्या त्यांच्या रानात मका उभा होता आणि रानडुकरं रोज एक कोपरा आडवा करत होती. भरतनं बांधाच्या कडेनं उघडी तार ओढली आणि मोटरच्या पेटीतनं तिला करंट जोडला. संध्याकाळी सातला तो खटका टाकायचा, पहाटे काढायचा. त्या दिवशी तो कांद्याची गाडी घेऊन मंचरला अडकला. त्यानं सोपानला फोन केला, "आबा, तेवढा खटका टाका." सोपान पेटीपाशी गेला, खटका टाकला, घरी आला. धाकटा सुदर्शन मंचरला जेसीबी चालवायचा. तो कामावरनं परस्पर ओढ्याच्या बाजूनं रानात उतरला होता, पाणी कुठवर आलंय ते बघायला. शेजारच्या वावरात गोरक्ष धनगराची मेंढरं बसली होती. सुदर्शन तारेला चिकटला तेव्हा आरडाओरडा त्यानंच केला.

पोलीस येईस्तोवर भरतनं तार ओढून काढली होती, आणि तिचं वेटोळं सोपाननं स्वतःच्या हातानं उसाच्या पाचटाखाली सारलं होतं. पुढं खेडच्या कोर्टात सरकारी वकिलांनी त्याला उभं केलं तेव्हा तो म्हणाला, तार नव्हतीच. गोरक्ष तोवर कळप घेऊन कोकणात उतरलेला, समन्स त्याला गाठू शकलं नाही. भरत सुटला. निकालात एक वाक्य होतं : मयताचा हात त्याच्याच निष्काळजीपणाने मोटरच्या उघड्या स्टार्टरला लागला असण्याची शक्यता नाकारता येत नाही.

खटका कोणी टाकला, हे दोघांनाच ठाऊक होतं. भरतनं ते पोलिसांना सांगितलं नाही, वकिलाला नाही, बायकोलाही नाही.

पुढच्या तारखेला गोरक्ष आला. पिंजऱ्यात पटका काढावा का ठेवावा ते त्याला कळेना, म्हणून हातात धरून उभा राहिला. "तार व्हती," तो म्हणाला. "भरतभाऊंनीच मला बजावलं व्हतं, मेंढरं बांधाकडं आणू नगंस म्हणून." थिटे वकिलांनी त्याला अर्धा तास उलटंसुलटं विचारलं. तो तेवढंच बोलत राहिला.

त्यानंतरच्या रविवारी भरतनं वृषालीला घरी बोलावलं.

सुदर्शनची बायको वृषाली त्याच्या माघारी अवसरी खुर्दला राहायला गेली होती. इंजिनिअरिंग कॉलेजच्या पोरांची मेस चालवायची. दुपारची पंगत उरकून ती स्कूटीवरनं आली, ओसरीवर सोपानच्या पाया पडली आणि पिशवीतनं डबा काढून सासूपुढं, साळुबाईपुढं ठेवला. "आबांसाठी लापशी आणलीय. त्यांना आवडते." सोपान खाली बघत राहिला. भरतच्या तोंडाकडं ती बघायची नाही, पण सासऱ्याला तिनं कधी अंतर दिलं नव्हतं. म्हातारा माणूस, एक पोरगा गेला, दुसरा वाचावा म्हणून खोटं बोलला, असा तिचा हिशेब. तो तिनं एकदा बोलूनही दाखवला होता. सोपानला ते बोलणं विसरता येत नव्हतं.

"काय ते एकदा मिटवून टाकू," भरत म्हणाला. "कॅनॉलच्या अंगचं दोन एकर तुझ्या संस्कृतीच्या नावावर करतो. तू दावा काढून घे."

आतल्या दारात उभी असलेली भरतची बायको उज्ज्वला एकदम म्हणाली, "दोन एकर? आन आपल्या स्वराजला काय ठेवणार? माझ्याशी बोलला व्हता का तुमी?"

"तू गप बस जरा."

"का गप बसू? कोर्टानं सोडलंय आपल्याला. सुटलेल्या माणसानं जमीन का द्यायची? दिली तर लोक म्हणत्याल, केलं व्हतं म्हणूनच दिली."

"मला जमीन नको भाऊ," वृषाली म्हणाली.

सगळे तिच्याकडं बघायला लागले.

"गेल्या महिन्यात संस्कृतीला वर्गातल्या एका पोरीनं विचारलं, तुझे पप्पा दारू पिऊन मोटरला चिकटले ना? ती आठवीत आहे. घरी येऊन मला म्हणते, मम्मी, निकालात तसंच लिहिलंय का? मी तिला काय सांगू? ह्यांनी आयुष्यात दारूला हात लावला नाही. वायरिंगची कामं स्वतः करायचे. उघड्या स्टार्टरला हात लावणारा माणूस होता का तो?" तिनं पदर सावरला. "एक कागद करा. त्यावर लिहा, तार होती, तिच्यात करंट होता, आणि सुदर्शनची काही चूक नव्हती. खाली सही करा. मी उद्याच्या उद्या दावा काढून घेते. जमीन राहू द्या स्वराजला."

उज्ज्वला दारातनं दोन पावलं पुढं आली. आत्तापर्यंत भांडणाच्या तयारीत असलेली बाई, पण आता ती नवऱ्याकडं अशी बघत होती, की द्या ना लिहून. जमीन वाचत होती. कागदावर चार ओळी, त्याला काय लागतं.

भरतनं सोपानकडं बघितलं. नजरानजर झाली आणि भरतनंच ती काढून घेतली.

"न्हाई जमायचं," तो म्हणाला.

"का?" उज्ज्वलानं विचारलं.

"न्हाई जमायचं म्हणलं ना. तार व्हती म्हणून लिहिलं की पुढचा प्रश्न येतो, करंट सोडला कुणी."

"कुणी म्हणजे? तुमीच सोडत व्हता ना रोज?"

एवढा वेळ साळुबाई भिंतीला टेकून बसली होती. तिनं लापशीचा डबा उघडला नव्हता. सुदर्शन गेला त्या आठवड्यात ती ओतूरला भावाकडं गेली होती. परत आली ती मातीलाच. खेडच्या कोर्टात नवरा काय बोलला ते तिनं खरं धरलं होतं. गेली तीन वर्षं ती भरतच्या बाजूनं होती. वृषाली आली की दर वेळेला म्हणायची, एक गेला, राहिलेल्याला कोर्टात कशापायी वढतीस बाई? आजही ती तेच म्हणणार असं सगळ्यांना वाटलं.

"भरत," ती म्हणाली, "गोरक्ष खोटं बोलला का?"

"आई, तुला त्यातलं काय कळतं?"

"तार व्हती का नव्हती, एवढं कळतं मला."

तिनं नवऱ्याकडं मान वळवली. सोपान उठला, चपला पायात सरकवल्या आणि गोठ्याकडं चालता झाला. पाठीमागं वृषालीचं बोलणं त्याला ऐकू आलं, "मग कोर्टच लिहील, आई. मला घाई नाही."

भरत त्याच्या मागोमाग गोठ्यात आला. हातात दोन टंकलेले कागद होते.

"हे तुमचं प्रतिज्ञापत्र. आता आपल्या बाजूनं तुमी साक्षीदार. खेडला जे बोलला तेच यात हाय. कोर्टात सही करायची, आन त्यांच्या वकीलबाई काय विचारतील त्याला न्हाई-न्हाई म्हणायचं."

"गोरक्षनं सांगितल्यावर कोण धरील माझं खरं?"

"न धरीना. निदान तुमचं नाव येणार न्हाई."

सोपान गाईच्या पाठीवरनं हात फिरवत राहिला. "भरत, खटका मी टाकला. तू केस भोगलीस. सव्वीस दिवस आत राहिलास."

"हळू बोला." भरतनं दाराकडं बघितलं. "तुमाला वकिलानं सांगितलेलं कळलं का? मी सुटलोय. मला आता कुणी काय करत न्हाई. तुमी सुटलेले न्हाईत, आबा. तुमच्यावर केसच झाली न्हाई, मग सुटणार कशातनं? तुमी तोंड उघडलं तर पोलीस नव्यानं येत्याल. बहात्तर वर्षांचं वय घेऊन येरवड्याला जायचंय का?"

"तू का न्हाई सांगितलंस तवाच? तुझ्यावरचं थोडं कमी झालं असतं."

भरत गव्हाणीला टेकला. मग म्हणाला, "फोन मी केला व्हता. तार मी लावली. सुदा मला म्हणला व्हता, दादा, हे काढ, झटका मशिन आणू, त्यानं माणूस मरत न्हाई, मी पैसं देतो. मी म्हणलं, एवढा मका निघू दे. आता मी काय सांगू, की माझ्या बापानं खटका टाकला?" त्यानं पुन्हा दाराकडं बघितलं. "मी मेलो असतो पर ते सांगितलं नसतं."

तो कागद गव्हाणीवर ठेवून निघून गेला. सोपाननं ते घडी करून खिशात घातले. त्याला वाटत होतं, आपण आपला एक पोरगा मारला आणि दुसऱ्याच्या पाठीमागं लपून बसलो आहोत. आणि ज्याच्या पाठीमागं लपलो तोही आपल्याला हलू देत नाही.

साक्षीच्या दिवशी घोडेगावला बाजार होता. कोर्टाच्या आवारात उभं राहिलं तरी बाजारातला कालवा ऐकू येत होता. सोपाननं सांगितलं तिथं सही केली, शपथ घेतली. न्यायाधीशबाई वयानं वृषालीएवढ्याच असतील. त्यांनी त्याला बसायला खुर्ची द्यायला लावली.

"हे तुमचंच प्रतिज्ञापत्र?" थिटे वकिलांनी विचारलं.

"व्हय."

"सही तुमची, मजकूर खरा?"

"सही माझी हाय. मजकूर खरा न्हाई."

टायपिस्टचे हात थांबले. थिटे वकिलांना वाटलं म्हाताऱ्याला नीट ऐकू आलं नाही. त्यांनी तोच प्रश्न मोठ्यानं विचारला. सोपाननं तेच उत्तर दिलं.

न्यायाधीशबाई पुढं झुकल्या. "आजोबा, तुम्ही शपथेवर आहात. इथं जे बोलाल ते तुमच्या स्वतःच्या विरुद्धही जाऊ शकतं. समजतंय ना?"

"समजतंय बाई. म्हणूनच बोलतोय."

"आबा," भरत मागच्या बाकावरनं उठला. पट्टेवाल्यानं त्याला खाली बसवलं.

वृषालीच्या वकील लोखंडे मॅडम उभ्या राहिल्या. त्यांनी तयारी केलेले प्रश्न वेगळेच होते. हातातला कागद त्यांनी बाजूला ठेवला. "तार होती?"

"व्हती."

"कोणी लावली होती?"

"भरतनं."

"घटनेनंतर तार कुठं गेली?"

"भरतनं काढली. मी पाचटाखाली घातली. चार दिवसांनी वढ्यात नेऊन पुरली."

"त्या संध्याकाळी तारेत करंट कोणी सोडला?"

सोपाननं वृषालीकडं बघितलं. ती वकीलबाईंच्या मागं ताठ बसली होती, उत्तर ठाऊक असल्यासारखी. भरतचं नाव ऐकायला ती तीन वर्षं थांबली होती.

"मी," सोपान म्हणाला. "खटका मी टाकला."

वृषालीच्या चेहऱ्यावर आधी काहीच उमटलं नाही. मग तिनं संस्कृतीच्या शाळेचं काहीतरी आठवल्यासारखं करून पर्स उघडली, आत बघितलं, परत बंद केली, आणि पुन्हा उघडली.

थिटे वकिलांनी कोर्टाची परवानगी घेतली आणि आपल्याच साक्षीदाराला उलटे प्रश्न टाकले. खेडच्या कोर्टात शपथ घेतली होती का? घेतली व्हती. तिथं खोटं बोललात? बोललो. मग आज खरं बोलताय हे कशावरून? सोपान म्हणाला, "तवा माझा पोरगा आत गेला असता. आज माझ्याबिगर कुणी जाणार न्हाई." एवढं बोलून त्यानं पाणी मागितलं.

बाहेर आल्यावर वृषाली जिन्याखाली उभी होती. सोपान तिच्यापासून चार हातांवर थांबला. लोखंडे मॅडमनी फायलीतलं पहिलं पान उलटलं. मयताच्या बायको-मुलीबरोबर आईबापांचाही भरपाईत हक्क असतो, कायद्यानं त्यांची नावं घालावी लागतात, म्हणून दाव्यात सोपानचंही नाव होतं. त्याला हे कधी कोणी सांगितलं नव्हतं.

"यांचं नाव आता इथं ठेवता येणार नाही," मॅडम वृषालीला हळू आवाजात म्हणाल्या. "यांना प्रतिवादी करावं लागेल. मुदत गेली असं समोरचे म्हणतील. यांनी लपवलं म्हणून आपल्याला कळलं नाही, असं आपण म्हणू. पण निर्णय तुम्ही घ्यायचा."

"घाला," वृषाली म्हणाली.

मग ती सोपानकडं वळली. "मी तुम्हाला दर संक्रांतीला पाया पडायला येत होते, आबा. तुम्ही पडू देत होता."

ती गेल्यावर बऱ्याच वेळानं भरतनं गाडी आणून उभी केली आणि आतनं दार उघडलं.

साळुबाई ओसरीवर घेवडा निवडत बसली होती. सोपाननं पागोटं काढून खुंटीला लावलं आणि तिच्यासमोर खाली बसला. भरत अंगणातच थांबला.

सोपाननं सगळं सांगितलं. फोन आला तिथपासून वेटोळं पुरलं तिथवर. बोलताना तो तिच्या हातांकडं बघत होता. हात थांबले नाहीत.

"हे वृषालीला कवा कळलं?" तिनं विचारलं.

"आज. कोर्टात."

"मंजी परक्या लोकांत सांगितलं, मग मला."

"तुला सांगायची छाती झाली न्हाई."

तिनं सूप बाजूला सारलं. "खटका टाकायच्या आदी हाक मारली व्हती का? कोण हाय का रानात म्हणून?"

"न्हाई."

"का?"

सोपाननं या प्रश्नाचं उत्तर सव्वातीन वर्षं स्वतःला दिलं नव्हतं. "थंडी लई व्हती," तो म्हणाला. "टाकला आन माघारी आलो."

साळुबाई उठून आत गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं दोन लुगडी आणि देवघरातला सुदर्शनचा फोटो पिशवीत घातला आणि भरतला म्हणाली, "मला अवसरीला सोड." भरतनं एकदा बापाकडं बघितलं आणि गाडी काढली. उज्ज्वला सासूच्या हाताला धरून रडली. साळुबाई रडली नाही.

निकाल लागायला आणखी आठ महिने गेले. मध्ये पोलीस दोनदा येऊन सोपानचा जबाब घेऊन गेले. पुढं काय करायचं ते वरून ठरेल म्हणाले. साळुबाई मेसवर भाकरी थापायची. उज्ज्वला ताट वाढायची पण ओसरीवर ठेवून आत निघून जायची. भरत त्याच्याशी बोलायचा, ते फक्त पाण्याच्या पाळीबद्दल.

न्यायाधीशबाईंनी निकालातला मुख्य भाग वाचून दाखवला. फौजदारी न्यायालयाने संशयाचा फायदा देऊन केलेली सुटका या न्यायालयावर बंधनकारक नाही. तार होती, ती बेकायदा होती, तिच्यात प्रवाह सोडला गेला. मयताची कोणतीही चूक सिद्ध होत नाही. भरपाई दोन्ही प्रतिवादींनी मिळून द्यायची. मयताच्या पत्नीला, मुलीला आणि आईला.

संस्कृती त्या दिवशी शाळा बुडवून आली होती. "मयताची कोणतीही चूक" हे शब्द आले तेव्हा तिनं आईच्या दंडाला धरलं आणि निकाल संपेपर्यंत सोडलं नाही.

आवारात सोपान आणि भरत एका बाजूला उभे राहिले. वृषाली त्यांच्यावरनं पुढं निघून गेली. साळुबाई मात्र थांबली. आठ महिन्यांत ती वाळली होती. ती सोपानपाशी आली आणि पहिल्यांदाच त्याच्याकडं नीट बघत म्हणाली, "माझ्या वाटणीचं जे यील ते मी संस्कृतीच्या नावावर करणार हाय."

"कर."

"लोक म्हणत्यात, बँकेत नवऱ्याची सही लागती. तुमची लागंल?"

"न्हाई. माझी न्हाई लागत."

"मग बरं हाय," साळुबाई म्हणाली, आणि नातीचा हात धरून फाटकाकडं चालायला लागली.